मसाल्याचे दुकान, चक्की आणि मेथीच्या एका चुकीची व्यवस्था

मी, खाली सही करणारा, वय वर्षे एकोणपन्नास, धंदा मसाले निवडणे, दळणे आणि विकणे, शिक्षण गावच्या एका खोलीच्या शाळेत सातवीपर्यंत, आज दुपारी जेवून, हात धुऊन, दुकानाच्या मागच्या खोलीत टेबलाशी सरळ बसून हे लिहीत आहे. डोके ठिकाणावर आहे. कोणी धाक घातलेला नाही, कोणी लाडीगोडी लावलेली नाही. बायको शेजारी लसूण सोलते आहे. मी काय लिहितो ते विचारायचे नाही असे तिने स्वतःच ठरवले आहे, आणि दर पाच मिनिटांनी ती विचारते आहे.

येत्या बुधवारी माझ्या हृदयाची झडप दुरुस्त व्हायची आहे. सर्जन म्हणाले, "दहातले नऊ जण आपल्या पायांनी घरी जातात." दहावा कुठे जातो हे मी विचारले नाही. मी नवांपैकीच आहे अशी माझी खात्री आहे. पण पोत्याचे तोंड शिवल्याशिवाय माल गाडीत चढवायचा नाही ही माझी सवय, म्हणून हे लिहितो.

याआधी मी मृत्युपत्र केलेले नाही. आम्हांला मूलबाळ नाही. त्यामुळे माझ्यामागे दुकान धाकट्या भावाकडे जाईल असे घरात सगळे धरून चालले आहेत, भाऊही. तसे होणार नाही. दुकान माझ्या भाचीकडे जाईल. ते का, हे धाकट्याला समजावे आणि समजून घर एकत्र राहावे, एवढ्यासाठी हा सगळा खटाटोप. बाकीची कलमे दोन ओळींत आटोपली असती.

कलम १. माझ्या देहाची व्यवस्था साधी करावी. भाषणे नकोत. त्या दिवशी चक्की बंद ठेवावी, कारण मिरचीची धूळ हवेत असली तर कोण माझ्यासाठी रडतो आहे आणि कोण मिरचीमुळे, हे कळणार नाही, आणि उगाच लोकांचे फावेल. रोज सकाळी दुकानाचे शटर उघडण्याआधी मी मिनिटभर हात जोडून उभा राहतो. देवाकडे माझे एकच मागणे असते, की आज माझ्या हातून कोणाच्या पोटात वाईट जाऊ नये. दुकान जो चालवील त्याने तेवढे मिनिट उभे राहावे. देव मानत नसेल तर नुसते उभे राहावे. मागणे तेच आहे.

कलम २. राहते घर, बँकेत जे असेल ते, आणि घरातली प्रत्येक वस्तू माझ्या पत्नीची. ती म्हणेल की जुने कपाट कोणाला तरी द्या. देऊ नये, कारण महिन्याभरात तिला ते परत हवे असते. तळमजल्यावरची ऊन येणारी खोली माझ्या थोरल्या बहिणीची, ती असेपर्यंत. तिथून तिला कोणी, कितीही गोड बोलून, हलवू नये.

कलम ३. आईचा दगडी खलबत्ता पत्नीला. लवंग आणि दालचिनी त्यातच कुटावी, चक्कीत टाकू नये. चक्कीत लवंग गेली की पुढचे तीन दिवस धन्यांनाही लवंगेचा वास येतो. आमच्या लग्नानंतर पहिल्याच आठवड्यात तिने जायफळ अख्खे कुटून दुधात घातले होते आणि मी दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत झोपलो, उठलो तो डोके गरगरत. तिच्या माहेरी कोणाला हे आजवर सांगितलेले नाही. आता सांगतो. जायफळ चिमूटभर. चिमटीच्या वर गेले की तो मसाला राहत नाही, त्रास होतो.

कलम ४. वरच्या फळीवर डाव्या कोपऱ्यात एक बरणी आहे. तिच्यात पपईच्या वाळलेल्या बिया आहेत. सतरा वर्षांपूर्वी घाऊक बाजारातल्या एका व्यापाऱ्याने मला मिरे म्हणून एक पोते दिले होते, त्यातून मी आणि पत्नीने दोन दिवस बसून या निवडून काढल्या. मिरे पाण्यात टाकले तर भरीव दाणा तळाशी जातो, पपईची बी वर तरंगते. मी ते त्याच्यासमोर करून दाखवले, तर तो म्हणाला, "पाणीच हलकं असेल." ही बरणी त्याच्या दुकानात नेऊन, गिऱ्हाईक असताना, त्याच्या हातात द्यावी. मी बहुतेक सगळ्यांना क्षमा केली आहे. याला नाही. देवाला हे माहीत आहे आणि आमचे त्यावर बोलणे चालू आहे.

कलम ५. समोरचे चष्मेवाले गेली बारा वर्षे माझ्या चक्कीविरुद्ध तक्रारी करीत आहेत. त्यांचे म्हणणे खरे आहे. मिरची दळताना त्यांच्याकडे डोळे तपासायला आलेल्या माणसाला पहिले अक्षरही दिसत नाही. मी हे त्यांच्यासमोर कधी कबूल केले नाही, कारण त्यांनी मला एकदा चारचौघांत "धुराडं" म्हटले होते. माझ्या पश्चात मिरची फक्त रविवारी, त्यांचे दुकान बंद असताना दळावी. त्यांना अर्धा किलो उत्तम बडीशेप द्यावी. जेवणानंतर चिमूटभर खाल्ली तर पोटाचा फुगारा कमी होतो. स्वभावाचा होतो की नाही, ते मला ठाऊक नाही.

कलम ६. आता मुख्य गोष्ट.

नऊ वर्षांपूर्वी माझ्या थोरल्या बहिणीला, म्हणजे ताईला, रक्तातल्या साखरेसाठी गोळ्या सुरू झाल्या. गोळ्यांनी तिला मळमळायचे. एका सकाळी ती दुकानात येऊन स्टुलावर बसली आणि म्हणाली, "या गोळ्यांनी तोंडाची चव गेली रे. तुझ्याकडे एवढ्या बरण्या आहेत. एकीत तरी माझं औषध असेल की नाही?"

दुकानात गर्दी होती. गर्दीसमोर मला नेहमीच जास्त शहाणपण सुचते. मी मेथीची बरणी खाली घेतली, पावशेर मोजली आणि सगळ्यांना ऐकू जाईल असे म्हणालो, "रोज एक चमचा, गोळ्या विसरा!" लोकांनी माना डोलावल्या. दोघांनी तिथेच मेथी मागितली.

ही चूक माझ्या धंद्यातल्या माणसानेच करावी. आम्हांला दाण्यादाण्याचा गुण माहीत असतो, म्हणून माणसाचा आजारही आपल्याला कळतो असे वाटू लागते. मेथीने साखरेला थोडा आळा बसतो, हे खरे आहे. पण आळा बसणे वेगळे आणि गोळी सोडायला सांगणे वेगळे. दोन्ही एकत्र घ्यायची असली तरी डॉक्टरांना विचारून, कारण साखर वाढते तशी ती फार खालीही जाते. हे मला तेव्हा ठाऊक नव्हते. ठाऊक नाही म्हणायला मला लाज वाटली, एवढेच.

चार महिन्यांनी ताईच्या पायाला चपलेचा पट्टा लागला. जखम भरेना. डाव्या पायाची दोन बोटे काढावी लागली. गल्लीतल्या डॉक्टरीणबाईंनी विचारले, "गोळ्या का बंद केल्या तुम्ही?"

ताई म्हणाली, "विसरले."

मी पलंगाच्या पायथ्याशी जेवणाचा डबा घेऊन उभा होतो. डबा खाली ठेवला आणि गप्प राहिलो. आजतागायत गप्प आहे. गल्लीत, नात्यात सगळे ताईला विसरभोळी म्हणतात. तिने कधी कोणाला दुरुस्त केले नाही.

ताईची मुलगी तेव्हा सोळा वर्षांची होती. मी मेथी मोजली तेव्हा ती आईशेजारीच उभी होती. इस्पितळाच्या जिन्यात तिने मला गाठले. "मामा, मेथी खोटी नाही. तुम्ही खोटं बोललात."

मी मान खाली घातली.

"मला तुमच्या दुकानात घ्या."

"कशाला?"

"पुढच्या वेळी मध्ये बोलायला कोणीतरी असेल."

तेव्हापासून ती माझ्याकडे आहे. अभ्यास सांभाळून दोन वर्षे, मग पूर्ण वेळ. डोळे मिटून वास घेते आणि जिरे यंदाचे की गेल्या वर्षीचे ते सांगते. चक्कीचा क्रम तिने मोडला नाही, उलट मला शिस्त लावली. आधी धने, मग बडीशेप, मग जिरे, मग मिरे, मग हळद, मिरची सगळ्यांत शेवटी. मध्ये मूठभर कोरडे तांदूळ दळून चक्की साफ करायची. हिंग चक्कीच्या आसपासही आणायचा नाही. आणि ती गिऱ्हाइकाला बोलते. परवाच एका बाईंना म्हणाली, "मावशी, पोट फुगलं असेल तर ओवा देते. पण चार दिवस दुखतंय म्हणता, तर ओवा नाही, आधी डॉक्टर." त्या म्हणाल्या, "तुझा मामा असता तर दिला असता." ती म्हणाली, "म्हणूनच मी पुढे बसते."

सबब, कलम ७ मधली जागा सोडून दुकान, दुकानाची पाटी, चक्की, चाळण्या, काटा आणि सगळ्या बरण्या मी माझ्या भाचीस देत आहे. तिच्या आईची बोटे गेली म्हणून नुकसानभरपाई देतो असे कोणी समजू नये. दोन बोटांची भरपाई माझ्याकडे नाही. ती या कामात माझ्याहून चांगली आहे, म्हणून देतो.

कलम ७. माझ्या धाकट्या भावास दुकानाचा रस्त्याकडचा अर्धा भाग आणि पाकिटे बंद करायचे यंत्र. पाकिटांचा धंदा त्याने स्वतःच्या कष्टाने उभा केला, ऊन म्हटले नाही, पाऊस म्हटला नाही, गाडी घेऊन दुकाने पालथी घातली. मी नुसता गल्ल्याशी बसून नाव मिळवले.

पण गेल्या महिन्यात त्याने मेथीच्या पाकिटांसाठी कागद छापून आणले. त्यावर ठळक अक्षरांत होते: रोज एक चमचा, गोळ्या विसरा!

मी विचारले, "हे कोणी सुचवलं?"

तो म्हणाला, "सुचवायचं काय त्यात? बाजारात सगळे म्हणतात. मी फक्त छापलं. का, काय झालं?"

माझे वाक्य नऊ वर्षे बाजारात फिरून, शाई लावून घरी परत आले होते. तेव्हा खरे सांगायला हवे होते. मी म्हणालो, "अक्षर जरा मोठं झालंय." तो हसला. "दादा, लहान अक्षर विकतं का कधी?"

तर, धाकट्या, कारण हे आहे. ताई विसरली नव्हती. मी तिला विसरायला सांगितले होते. ते कागद लागलेले एकही पाकीट बाहेर गेले तर हे कलम रद्द समजावे.

कलम ८. पाकिटांवर काहीतरी छापावे लागतेच, हे मला कळते. म्हणून भावास छापण्यासाठी मजकूर देऊन ठेवतो. आयुष्यभर मसाला विकून मला जे खरे वाटते ते इतकेच.

हळद: रंग, चव, जेवणातून रोज थोडी. मिरे सोबत असले तर अंगाला अधिक लागते. सुंठ आणि आले: मळमळीवर, प्रवासात, सर्दीत गरम पाण्यातून. लवंग: दुखऱ्या दाताखाली धरली तर दात बधिर होतो. दुखणे थांबते, कीड थांबत नाही, दातवाल्याकडे जावेच लागते. जिरे आणि ओवा: जड जेवणानंतर. पुदिना: पोटाला गार, तोंडाला ताजा. धने: सगळ्यांशी जमवून घेणारे, कोणावर कुरघोडी न करणारे, घरात असा एक माणूस लागतो. दालचिनी: पातळ, कागदासारख्या गुंडाळीची महाग असते, जाड सालीची स्वस्त. जाड सालीची चमचे चमचे रोज खाऊ नये, यकृताला त्रास होतो. मोहरी: तडतडली की झाकण ठेवावे. याहून मोठा आरोग्याचा सल्ला मोहरीबाबत माझ्याकडे नाही. मेथी: कडू आहे, गुणाची आहे, आणि गोळीच्या जागी घ्यायची नाही.

सगळ्यांखाली एक ओळ: मसाल्याने मीठ थोडे कमी घालूनही जेवण चवदार लागते. हा त्याचा मोठा उपकार. तेवढे सांगून थांबावे.

कलम ९. या सगळ्याची अंमलबजावणी पत्नीने करावी. तिच्याशी वाद घालून आजवर कोणी जिंकलेले नाही, म्हणून दुसरे नाव सुचले नाही.

पुरवणी

वरचा मजकूर गुरुवारी लिहिला. तो वकिलांना दाखवला. ते म्हणाले, "यात मालमत्ता कमी आणि जेवण जास्त आहे." मी म्हणालो, "माझ्याकडे आहे त्याच प्रमाणात आहे." त्यांनी राहू दिले.

मग मी तो ताईला वाचून दाखवला. सहाव्या कलमाशी माझा आवाज बसला. ती म्हणाली, "बोटं माझी गेली आणि गळा तुझा दाटतोय होय? वाच पुढे." पुढे वाचले. ती बराच वेळ पायावरून हात फिरवत बसली. मग म्हणाली, "विसरभोळी, विसरभोळी ऐकून मला कंटाळा आला होता. बरं झालं लिहिलंस."

मी विचारले, "तू का नाही सांगितलंस कोणाला?"

"सांगितलं असतं तर दुकान बसलं असतं. मग तू काय केलं असतंस? तुला दुसरं येतं काय?"

शुक्रवारी सकाळी कागद धाकट्याच्या हातात दिले. त्याने उभ्यानेच वाचले, घडी घालून टेबलावर ठेवले आणि गाडी घेऊन निघून गेला. शुक्रवारी आला नाही, शनिवारी नाही, रविवारी नाही. त्याच्या घरी फोन केला तर माझी भावजय म्हणाली, "दादा, ते कोणाशी बोलत नाहीत. दुकानाचं काही ऐकलं ते खरं आहे का?" मी म्हणालो, खरे आहे. तिने फोन ठेवला. तीन दिवस मला छातीतल्या झडपेची आठवणही झाली नाही.

आज सोमवारी दुपारी तो आला. खांद्यावर छापील कागदांचा गठ्ठा होता. तो त्याने भाचीसमोर आपटला. "पाच दुकानांत पाकिटं गेली होती. परत आणली. मोजून सगळी आणली. हे उरलेले कागद."

भाचीने एक कागद उलटून पाहिला. "मामा, मागून कोरे आहेत. भावपट्ट्या होतील."

धाकटा माझ्याकडे वळला. "हिला दुकान देतोयस ते बरोबर आहे. मी असतो तर हे कागद जाळले असते." मग आवाज खाली आणून म्हणाला, "नऊ वर्षं मी ताईला चिडवतोय, दादा. तिच्या वाढदिवसाला मी तिला रोजची आठवण लिहायची वही दिली होती. तू समोर होतास."

"होतो."

"हसलाही होतास."

तो स्टुलावर बसला. पत्नीने आल्याचा चहा आणला, तो प्यायलो. कप खाली ठेवून त्याने विचारले, "साक्षीदार कोण आहेत?"

"डॉक्टरीणबाई येणार आहेत. दुसरा ठरायचाय."

"मी करतो सही."

सह्यांसाठी आलेले वकील म्हणाले, "तुम्हांला नाही करता येणार. ज्याला मृत्युपत्रात काही मिळतं त्याने साक्ष द्यायची नसते. सातवं कलम तुमच्या नावावर आहे."

"मग सातवं काढा."

मी म्हणालो, "अरे, तुझा हक्क आहे. तू कमावलंयस ते."

"दादा, ऐक. उद्या तुला काही झालं, होणार नाही, पण झालं, तर पहिली माझीच बायको म्हणेल की आजारी माणसाकडून लिहून घेतलं. मग नातेवाईक म्हणतील. मग मलाही तसंच वाटायला लागेल, मी काही संत नाही. माझीच सही खाली असली की सगळ्यांची तोंडं बंद, माझंसुद्धा. गाडी माझी आहे. माल हिच्याकडून घेईन, हिने वास घेऊन दिलेला." मग भाचीकडे पाहून, "देशील ना गं? का आता मालकीणबाईंना अर्ज करावा लागेल?"

"मामा, अर्ज करा. अक्षर लहान काढा."

तो म्हणाला, "आठवं कलम मात्र मला हवं. तो मजकूर छापणार आहे." वकिलांनी विचार करून सांगितले की शहाणपण ही मालमत्ता ठरत नाही, त्यामुळे आठवे राहिले तरी साक्षीला बाध येत नाही.

त्यानुसार कलम ७ आज मी माझ्या हाताने, भावाच्या सांगण्यावरून, रद्द करीत आहे. त्यातली जागा आणि यंत्र दुकानासोबत भाचीकडे जातील. खोडलेला मजकूर वाचता येईल असा ठेवला आहे, कारण त्यातली चूक माझी आहे आणि ती पुसायची नाही.

डॉक्टरीणबाई चारला आल्या. साक्षीदाराने मजकूर वाचायलाच हवा असे नाही, पण मी त्यांना सहावे कलम वाचायला दिले. त्यांनी चष्मा काढला. "नऊ वर्षं मी तुमच्या ताईंना दर महिन्याला ओरडतेय," त्या म्हणाल्या. "त्या खाली मान घालून ऐकून घेतात." मग पेन न घेता त्या उठल्या आणि ताईच्या खोलीत गेल्या. दार लोटून घेतले. आम्ही सगळे इथे थांबून होतो. आत काय बोलणे झाले ते मला माहीत नाही आणि ते या मृत्युपत्राचा भाग नाही. परत आल्यावर त्यांनी सही केली.

हा सर्व मजकूर मी स्वतः लिहिला, वाचला, आणि तो माझ्या इच्छेप्रमाणे आहे.

ठिकाण: दुकानाची मागची खोली.
दिनांक: चौदा, सोमवार, सायंकाळचे पाच.

लिहून ठेवणार: मसालेवाला (सही)

साक्षीदार पहिल्या: गल्लीतल्या डॉक्टरीणबाई. लिहून ठेवणारे शुद्धीवर आहेत. (सही)

साक्षीदार दुसरा: लिहून ठेवणाऱ्याचा धाकटा भाऊ. सर्व कलमे वाचली. यात मला काही मिळत नाही. माझी तक्रार नाही. (सही)